चार बोटांची फट

ढलपी चपलेखाली आली आणि कुरकुरली. तिने पाय उचलून पाहिलं — पातळ, पिवळसर, कापलेल्या नखासारखी वळलेली. तिच्या पुढे आणखी एक, मग तिसरी, अशी गॅलरीच्या दारापर्यंत रांगच लागलेली, आणि रांगेच्या शेवटी बुटक्या स्टुलावर बाबा. पायजमा गुडघ्यापर्यंत सरकवलेला, दोन्ही तळपायांत लाकडाचा एक तुकडा घट्ट धरलेला, आणि पटाशीने त्याची एक बाजू ते उतरती करत होते, सावकाश, दर दोन फटक्यांनंतर एक डोळा मिटून धार बघत. काय करताय, असं तिने विचारलं नाही. त्या दिवशी संध्याकाळी कॉलेजच्या नव्या दालनाचं उद्घाटन होतं, चार वाक्यं बोलायची होती आणि पहिलंच वाक्य जमत नव्हतं. ती एवढंच म्हणाली, "केर काढून ठेवा हं, बाबा."

"हो, मास्तरीणबाई."

बस. पुढे त्या सकाळची तिने इतक्या वेळा झाडाझडती घेतली की तिचे कोपरे झिजून गेले... पटाशीचा आवाज आठवायचा, उन्हाचा पट्टा स्टुलाच्या कुठल्या पायापर्यंत आला होता तेही आठवायचं, पण त्या दोन वाक्यांखेरीज तिसरं काही सापडायचं नाही. सापडणार कुठून? बोललंच गेलं नव्हतं.

आई गेल्याला वीस वर्षं झाली होती, तेव्हापासून घरात दोघंच. बाबा गवंडी. चाळीस वर्षं त्यांनी दुसऱ्यांच्या भिंती उभ्या केल्या आणि गुडघे गेले तेव्हा थापी गॅलरीतल्या खिळ्याला टांगून ठेवली. ती वास्तुरचनेच्या कॉलेजात सिद्धान्त शिकवायची. चौदा वर्षं एकच विषय, विरचना. पहिल्या तासाला ती दरवर्षी तेच सांगे की आपल्याला इमारत मोडायची नाही, उसवायची आहे. शिवण कुठे होती ते दिसेल इतपतच. खांब म्हटला की भार, भिंत म्हटली की उभी, जिना म्हटला की वर — हे कुणी ठरवलं? कधी ठरवलं? मुलं भराभर लिहून घेत. ज्याने उभ्या आयुष्यात एकही भिंत वाकडी जाऊ दिली नाही त्या माणसाची मुलगी वाकड्या भिंतींचं समर्थन करते, यातली गंमत तिला कळत होती. पण ती गंमत तिने कॉलेजात कुणाला कधी सांगितली नव्हती.

दालन त्याच विचारातून झालेलं. सही सरांची, म्हणजे विभागप्रमुखांची, आराखडे तिघाचौघांचे, मागचा विचार मात्र तिचा. एक भिंत बाहेरच्या बाजूला कललेली, एक खिडकी थेट जमिनीलगत, एक जिना सात पायऱ्या चढून भिंतीला नाक लावून थांबलेला. आणि मधोमध तो खांब — छतातून खाली उतरलेला आणि जमिनीच्या चार बोटं वर थांबलेला. बोटाने ढकललं तर किंचित हलायचा. ते किंचित हलणं तिला फार आवडायचं. शेजारच्या भिंतीवर तिचं वाक्य, काळ्या अक्षरांत: आधार ही एक समजूत आहे.

महिनाभर आधी त्याची पुठ्ठ्याची प्रतिकृती ती घरी घेऊन आली होती. बाबांनी चष्मा लावला, टेबलापाशी उकिडवे बसले, डोळे त्या इवल्याशा जमिनीच्या पातळीवर आणून चारी बाजूंनी पाहिलं, आणि खांबाखाली करंगळीचं नख सारलं.

"हा राहिलाय."

"राहिला नाही, बाबा. तसाच आहे तो."

"मग छत कशावर उभं?"

"लोखंडी तुळया आहेत आत. दिसत नाहीत."

"म्हणजे आधार आहे."

"आहे."

"दिसत नाही एवढंच."

"हो."

त्यांनी मान डोलवली. मग आराखड्याची गुंडाळी उलगडली — लोक वर्तमानपत्र वाचतात तसे ते आराखडे वाचायचे, आधी कडेचे आकडे, मग मधली बातमी — आणि त्या चार बोटांच्या फटीचं माप शोधून त्यावर बोट ठेवलं. "छताला भार नको, जमिनीला टेकायचं नाही," ते म्हणाले, "मग बिचाऱ्याला लटकवून त्याचा पाणउतारा तरी कशाला करायचा?"

ती खूप हसली होती. दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये तिने ते वाक्य सांगितलं आणि तिथेही सगळे हसले. सरांनी तर डायरीत टिपून घेतलं. एक मिस्त्री काय म्हणाला ऐका — अशी तिने सुरुवात केली होती.

उद्घाटनाला बाबा एकटेच आले, बसने, ठरल्या वेळेच्या तासभर आधी. पांढरा शर्ट, स्वतः इस्त्री केलेला. तिने त्यांना लांबून पाहिलं. लोक अजून जमत होते, कुणी फुलदाण्या मांडत होतं, कुणी माईक तपासत होतं, आणि बाबा भिंतीभिंतीने चालले होते, तळहात गिलाव्यावरून फिरवत, आजारी माणसाच्या पाठीवरून फिरवावा तसा. कललेल्या भिंतीपाशी ते बराच वेळ थांबले. ती सर आणि दोन पाहुण्यांबरोबर खांबाच्या बाजूला उभी होती. दिवे लावणाऱ्याने एक शिडी खांबाला खेटून तशीच सोडली होती. सरांनी इकडेतिकडे पाहिलं. बाबा एव्हाना जवळ आले होते, भिंतीच्या कडेवरून अंगठा फिरवत. त्यांचं उभं राहणंच असं होतं की हा माणूस इमारतीचा आहे, पाहुण्यांपैकी नाही, हे कुणालाही कळावं. सर म्हणाले, "जरा ती शिडी बाजूला घेता का?"

बाबांनी सरांकडे पाहिलं नाही. तिच्याकडे पाहिलं.

त्या नजरेत तक्रार नव्हती — असती तर बरं झालं असतं. कामावर बांबूच्या पहाडावरून खाली पाहत खुणेची वाट बघावी, तसं पाहणं होतं ते. उचलू? की तू सांगतेस? हे माझे बाबा. तीन शब्द. कप बशीत ठेवायला लागतो तेवढाच वेळ लागला असता. ती पाहुण्यांकडे वळली आणि जमिनीलगतच्या खिडकीविषयी बोलू लागली, की इथून बाहेर पाहायचं तर माणसाला वाकावं लागतं, आणि म्हणून... मागे शिडी मिटल्याचा आवाज झाला. तो तिने ऐकला. ऐकला, आणि खिडकीविषयी बोलत राहिली.

परतताना बसमध्ये ते खिडकीशी बसले होते, मांडीवर हात, गुडघे चोळत. ती ठरवत होती, पुढच्या थांब्यानंतर बोलू, त्याच्या पुढच्या थांब्यानंतर... तेवढ्यात तेच म्हणाले, "साहेब चांगले आहेत तुझे. 'जरा' म्हणाले."

थोड्या वेळाने म्हणाले, "भिंतीवरची अक्षरं एका ओळीत बसलीयेत. कुणी लावली?"

तिने लावणाऱ्याचं सांगितलं. त्यांनी मान डोलवली. घरी आल्यावर थकलो म्हणाले आणि लवकर झोपले.

सकाळी साडेसातला ते बेसिनपाशी खाली बसलेले दिसले, भिंतीला पाठ लावून. एक गाल गुळगुळीत, दुसऱ्यावर साबण तसाच. तिला आधी वाटलं की गुडघे दुखले म्हणून बसलेत... डॉक्टर येईपर्यंत साबण वाळून पांढरा झाला होता. तो तिने ओल्या टॉवेलने पुसला. खालची दाढी तशीच राहिली.

दोन आठवड्यांनी ती कामावर रुजू झाली. सर तिच्या टेबलापाशी आले, मनापासून हळहळले, आणि विचारलं की वडील काय करायचे. "बांधकाम क्षेत्रात होते," ती म्हणाली. वाक्य खोटं नव्हतं. "म्हणजे वारसाच आहे की तुम्हाला," सर म्हणाले, आणि तिने हो म्हटलं.

त्यानंतर तीन आठवड्यांनी दुसऱ्या वर्षाची दोन मुलं धावत वर्गात आली. दालनातल्या खांबाखाली कुणीतरी काहीतरी घातलं होतं. कधी, माहीत नाही. दाराकडून पाहिलं तर दिसत नव्हतं, मागच्या बाजूने जमिनीवर पालथं पडूनच दिसायचं. एकाने मोबाइल तिच्यापुढे धरला. लाकडाच्या दोन पाचरी, उलटसुलट एकमेकींवर चढवलेल्या, एकीचा जाड भाग दुसरीच्या निमुळत्या भागावर. जसजशा सारू तसतशी उंची वाढत जाते आणि फट कितीही असो, शेवटचा केस भरून निघतो. जोडपाचर. स्लॅब भरताना खालच्या टेक्यांना मारतात ती. आणि वरच्या पाचरीच्या तोंडावर पेन्सिलीने एक वर्तुळ, वर्तुळात टिंब.

तिने मोबाइल परत दिला.

ते वर्तुळ तिच्या कंपासपेटीवर होतं. डब्याच्या झाकणावर होतं. शाळेच्या बुटांच्या तळव्यांवर होतं — चालून चालून पुसलं जायचं आणि दर रविवारी बाबा ते नव्याने काढायचे. कामावर प्रत्येक गवंड्याची स्वतःची खूण असायची आणि पाचर मारली की तो ती खूण करायचा, कारण बाबांच्या टोळीत एक नियम होता: ज्याने मारली त्यानेच काढायची. दुसऱ्याने हात लावायचा नाही. वर केवढा भार आहे, खाली कोण उभं आहे, ते मारणाऱ्याला ठाऊक असतं. ती सहासात वर्षांची असताना एकदा पाहिलं होतं तिने. स्लॅब सुकल्यावर सगळ्यांना बाहेर काढून बाबा एकटेच त्या लाकडांच्या रानात शिरले होते, आणि आतून एकेक ठोका ऐकू येत होता, आणि ती वाळूच्या ढिगावर बसून ठोके मोजत होती. आणि मारताना... मारून झाली की बाबा टेक्याला खांदा लावायचे आणि आपलं सगळं वजन त्यावर टाकून क्षणभर थांबायचे. मग पुढच्या टेक्याकडे.

म्हणजे शिडी हलवली तेव्हाच. खिशातून काढून, खाली वाकून, बुटाच्या टाचेने सारली असणार. गर्दीच्या आवाजात कुणाला ऐकू जाणार?

आणि का? हा प्रश्न ती बसमध्ये, रांगेत, पेपर तपासताना उलटापालटा करत असे. त्यांना खरंच ती चूक वाटली — लेकीची चूक, चारचौघांत उघडी पडण्याआधी झाकून टाकावी अशी? की खांब पडेल याची भीती? की चेष्टा? बाबांना चेष्टा करता यायची, तोंडावरची रेषही न हलवता. की त्या बिचाऱ्याचा पाणउतारा त्यांना पाहवला नाही, इतकंच... आणि हे सगळं सकाळीच ठरलं होतं, शिडीच्या आधी. पाचर घरूनच तासून आणलेली होती. शिडी हलवल्यानंतरही ती त्यांनी खिशातच ठेवली असती, तरी कुणाला कळलं नसतं. पण मारली. ती नजर तिच्याकडून रिकामी परतल्यानंतर मारली. इथे येऊन तिचा विचार दर वेळी थांबायचा, त्या सात पायऱ्यांच्या जिन्यासारखा.

कॉलेजात मात्र पाचरीला भराभर अर्थ फुटले. कुणी म्हणालं, हे बंड आहे. कुणी म्हणालं, ही उसवणीचीच उसवण आहे. एका हुशार मुलीने वर्तुळ आणि टिंबावर चार पानं लिहिली — केंद्र परिघात अडकल्याचं हे चिन्ह आहे वगैरे — आणि निबंध चांगला होता, तिने त्याला वर्गात सगळ्यांत जास्त गुण दिले. सर तर हरखलेच होते. ती गप्प राहिली. पाचर कुणाची ते सांगायचं तर आधी शिडी कुणी हलवली ते सांगावं लागलं असतं.

आज छायाचित्रकार यायचा होता, एका मासिकाकडून. चित्रात खांब लटकताना दिसायला हवा, म्हणून सरांनी ठरवलं होतं की पाचर काढायची आणि काचेच्या पेटीत ठेवायची, शेजारी. पेटीवरचा मजकूर तिने लिहायचा, पन्नास शब्द. शीर्षक सरांनी दिलं होतं: अनाम हस्तक्षेप.

सकाळी केर काढताना चपलांच्या फळीमागून एक ढलपी निघाली. बाबांनी त्या दिवशी केर काढला होता, नीट, पण ही एक सुटली होती. तिने ती उचलून टेबलावर ठेवली, कागदाशेजारी, आणि लिहायला बसली. लाकूड आणि पेन्सिल, तिने लिहिलं. खोडलं. अज्ञात व्यक्तीने, लिहिलं. घड्याळाचा आवाज आला, वरच्या मजल्यावर कुणी खुर्ची ओढली. परवापासून आपण कुणाशी बोललो नाही, हे तिच्या लक्षात आलं; काल रविवार होता. हल्ली आठवड्यातलं पहिलं वाक्य ती बस कंडक्टरशी बोलत असे आणि आवाज घोगरा निघाला की घसा खाकरून तेच वाक्य पुन्हा म्हणत असे. अज्ञात हा शब्द खोडून तिने पुन्हा लिहिला. मग कागदाची घडी करून पर्समध्ये टाकली, आणि ढलपीही.

अकराला ती दालनात पोचली तेव्हा कॉलेजचा सुतार खांबामागे जमिनीवर पालथा झाला होता, हातोडी शेजारी. सर उभे होते, आणि छायाचित्रकार तिपाईचे पाय पसरत होता. सुताराने फटीवरून अंगठा फिरवला. मग उठून बसला, शर्टाला हात पुसले.

"जाणत्या माणसाचं काम आहे, मॅडम," तो तिलाच म्हणाला, कदाचित ती जवळ होती म्हणून. "फटीत केस जायचा नाही. मारणाऱ्याला विचारलंय का? आमच्यात विचारल्याशिवाय काढत नाहीत."

सर हसले. तीच तर मजा आहे, ते म्हणाले, तो अनाम आहे. त्याला शोधून काढलं तर सगळा अर्थच जाईल. त्यांनी तिच्याकडे वळून मजकूर झाला का म्हणून विचारलं. तिने पर्स उघडली. कागदाच्या घडीत ढलपी अडकली होती, ती खाली पडली, आणि जमिनीलगतच्या खिडकीतून आलेल्या उन्हात थोडी डुलून स्थिर झाली.

सुतार त्या ढलपीकडे बघत होता. मग पाचरीकडे. मग त्याने हातोडी उचलली आणि हातातच धरून ठेवली.

एक ठोका. एकच पुरेल, हे तिला माहीत होतं; निमुळत्या बाजूवर एक बसला की जोडी सैल होते, आणि मग ती हातानेही निघते, आणि चार बोटं पुन्हा रिकामी... तिने कल्पिली होती तशी. तीच तर हवी होती तिला. चौदा वर्षं ती मुलांना सांगत आली होती की पाहा, काही टेकलेलं नाही, तरी आपण याच्याखाली निर्धास्त उभे आहोत. निर्धास्त कुणाच्या जिवावर, हे कुणी विचारलं नव्हतं. तिनेही नाही.

ती खांबापाशी गेली. हात ठेवला, गार होता. मग खांदा लावला. आणि मग — सर काहीतरी म्हणाले, छायाचित्रकाराने वर पाहिलं — तिने आपलं सगळं वजन त्यावर टाकलं आणि क्षणभर थांबली. हलला नाही. बोटाने ढकललं तरी हलायचा तो खांब पायापासून छतापर्यंत एकजीव उभा होता, आणि तिच्या खांद्याला उलट जोर देत होता, अगदी हळू, खाली कोण उभं आहे हे ठाऊक असल्यासारखा.

"सर," ती म्हणाली. आवाज घोगरा निघाला. तिने घसा खाकरला नाही. "उद्घाटनाच्या दिवशी तुम्ही एकांना शिडी बाजूला घ्यायला सांगितलीत. मी इथेच होते, तुमच्या शेजारी. पांढरा शर्ट होता त्यांचा."

सरांच्या कपाळावर आठी आली. त्यांना आठवत नव्हतं. आठवण्यासारखं त्यांच्याकडे काही नव्हतंच. ते सगळं तिच्याकडे होतं. खांदा खांबावरून न काढता तिने पाचरीकडे बोट केलं, आणि जी ओळख त्या दिवशी करून द्यायची राहिली होती, ती करून दिली.

"हे माझे बाबा," ती म्हणाली. "गवंडी."